कुंपण सरकलं

३ फेब्रुवारी

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

हॉस्पिटलची ड्यूटी संपल्यावर हे वाच. रस्ते खात्याने वर्कशॉपमागची आपली जागा तारा ठोकून ताब्यात घेतलीय. कपाट पोचवून परत येतो तर वाळत ठेवलेलं सागवान कुंपणाच्या आत आणि मी बाहेर! मुकादम म्हणाला, नकाशात जागा सरकारी आहे. म्हटलं, नकाशा उलटा धरला असशील. तो हसला नाही. साहेब दौऱ्यावर. जेवण गोड लागत नाही. तुझी भावजय म्हणते, सुताराने करवत चालवावी, जीभ नको.

तुझा धाकटा

११ फेब्रुवारी

चि. धाकट्यास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र खिशात घेऊन वॉर्डभर फिरतेय. खरेदीखताची नक्कल सोबत आहे. तारेला हात लावू नकोस, उद्या तूच चोर ठरशील. साहेब भेटेपर्यंत खेटे घाल, पण भांडू नकोस. जागा दोघांची आहे, काळजी एकट्याने करू नकोस. बायकोचं ऐक.

तुझीच, ताई

२ मार्च

ती. ताईस सा. न.

मोजणी झाली. साहेबांनी चूक कबूल केली. त्यांना हवा होता शेजारचा तुकडा, धोबीणकाकू कपडे वाळवतात तो. काकूंच्या यजमानांनी वारण्याआधीच तो खात्याला विकला होता, काकूंना पत्ताच नाही. साहेब म्हणाले, मोजणीच्या कागदावर सही करा, उद्या कुंपण तिकडे सरकवतो. पेन उचललं तेवढ्यात काकू वर्कशॉपच्या दारात, सगळं ऐकलेलं. म्हणाल्या, बाळा, मग मी चादरी कुठे वाळवू? सही न करताच उठलो. सही केली नाही म्हणून तुझी भावजय रागावलीय. काय करू?

धाकटा

९ मार्च

चि. धाकट्यास,

सही कर. आपली जागा परत घ्यायला लाजायचं कशाला? मग तिथे कुणी दोरी बांधायची ते खातं ठरवणार नाही, तू ठरवशील. लगेच कळव, माझा जीव थाऱ्यावर नाही.

ताई

२० मार्च

ती. ताईस सा. न. वि. वि.

सही केली, कुंपण सरकलं. काकूंनी दिवसभर दार उघडलं नाही. दुसऱ्या दिवशी सागवान एका कडेला रचलं, मधोमध दोन खांब रोवले आणि त्यांच्याकडे दोरी मागायला गेलो. मला वाटलं, रडतील. त्यांनी खांब हलवून पाहिले आणि म्हणाल्या, सुतार ना तू, मग हा वाकडा कसा? पुन्हा रोवला.

आता चादरीवर भुसा उडाला की माझा उद्धार होतो. चादरी ओल्या असेपर्यंत करवत बंद. गिऱ्हाईकं ओरडताहेत, आणि तुझी भावजय दोन्हीकडून बोलतेय.

रजा काढून ये. माया आहे तशीच ठेव. आणि हो, आपल्याच जागेत हल्ली वाकून शिरावं लागतं. काकूंची उंची बेताची, दोऱ्या खाली बांधल्यात.

तुझा धाकटा