देवकाबाईंच्या मोहाची जाळी

१८ मार्च
मी मूळचा संस्कृतचा. मानवशास्त्र यंदा गळ्यात पडलं, कारण मोकळा तास माझाच होता. आठवडाभर ‘संस्कृती’ची व्युत्पत्ती सांगितली, वर्ग सुसंस्कृतपणे झोपला. आज पुस्तक मिटलं, प्रश्न दिला. सालेकशाकडे, वर्गातल्या वनिताच्या गावात, वनखात्याने मोहाच्या झाडाखाली बांधायला जाळ्या वाटल्यात. फुलं स्वच्छ, कंबरेला आराम. तरी जाळ्या घरात घडी घालून. का?

२१ मार्च
बहुतेकांचं उत्तर: अज्ञान. कोणाचं, विचारलं. हसले. वनिता म्हणाली, माहीत नाही. त्यातल्या त्यात शास्त्रीय.

२४ मार्च
पहाटेच गावात. मोठा मोह देवकाबाईंचा. उन्हं चढेपर्यंत त्या वेचतात, मग घरी. नंतर पडलेली फुलं वनिताची आत्या वेचते. एकटी बाई, झाड नाही; वर्षाचं तेल-मीठ त्यावरच. जाळी बांधली की सगळी फुलं जाळीवाल्याची. ही वाटणी कोणी ठरवलेली नाही, कोणी बोलतही नाही. मी भर अंगणात, सुनेसमोर, विचारलं: आत्यासाठी जाळी लावत नाही का?
देवकाबाईंचे हात थांबले. “असा इचार नाही केला जी कधी, गुरुजी.”
वहीत ‘उत्तम!’ लिहिलं. (नंतर समासात: गाढव मी.)

२७ मार्च
सुनेने जाळी बांधली. म्हणाली म्हणे, “आमी का दान करून राहिलो?” आत्या रिकामी टोपली घेऊन परत.
वनिता तासानंतर थांबली. “सर, काऊन विचारलं तुमी? चालून राहिलं होतं ना.”
प्रश्न कसा विचारावा यावर माझी दोन व्याख्यानं झालीत.

२८ मार्च
वर्गाचा तोडगा: वनखात्याच्या कार्यालयाला पत्र, आत्याला हक्काचं झाड. वनिता नको म्हणाली. पत्र गेलं की देवकाबाईंना ती तक्रार वाटणार, आणि आत्याला राहायचंय त्यांच्याच शेजारी. पत्र तिथेच राहिलं. अहवाल अर्धा.

३१ मार्च
वनितासोबत पुन्हा गेलो. जाळी आहे. आत्याच्या घराकडची दोरी मात्र सुटलेली, तेवढा कोपरा जमिनीला टेकलेला. फुलं घरंगळून मातीत. आत्या वेचत होती. वर पाहिलं नाही. काल वाराही होता म्हणा.
देवकाबाईंनी बाज टाकली, चहा आणला. झाडाकडे पाठ करून बसल्या. पोरांचा अभ्यास, यंदाचं ऊन, सगळं बोलल्या.
वनिताने हळूच वही काढली. “विचारू का, सर?”
चहा पी, म्हटलं.