पंधरा नंबरचा हुकमाचा पत्ता

२ जुलै
फेडरेशनचा फोन. राष्ट्रीय संघाच्या कॅम्पला बोलावलंय. आफ्रिकेची बास्केटबॉल स्पर्धा यंदा आपल्या लुआंडात, ऑगस्टमध्ये. कॅम्पला अठरा जण, त्यातले बारा ठेवणार. म्हणजे सहा जणांना घरी जावं लागणार. बिचाऱ्यांचं वाईट वाटलं.

माझं वय सदतीस. उंची दोन मीटर चार. वय वाढलं म्हणून उंची कमी होत नाही, हे लोक विसरतात.

झिता मासे साफ करत होती. तिला सांगितलं. म्हणाली, "त्यांनी नंबर बरोबरच लावला होता ना?" बायको नर्स असली की घरात कौतुक मिळत नाही, फक्त तपासणी होते.

संकल्प: पहाटे पाचला उठणे. ब्रेड बंद. बिअर बंद. उजव्या गुडघ्याबद्दल कोणाशी चकार शब्द काढायचा नाही.

३ जुलै, सकाळी ८.१०
पाचला उठलो नाही. बाहेर कासिंबोच्या मोसमातलं धुकं आणि गारठा. अशा हवेत स्नायू आखडतात. ब्रेड दोन खाल्ले. पण कालचे होते. शिळा ब्रेड धरायचा नसतो.

६ जुलै
कॅम्पचा पहिला दिवस. कोच लांदो मुयोंगो. पोरं त्याला 'मिस्टर' म्हणतात, मी लांदोच म्हणतो. सात वर्षं आम्ही एका क्लबात खेळलो. तो तेहतिसाव्या वर्षी थकला आणि कोचिंगला लागला. एकेकाचा दम असतो.

धावण्याची टेस्ट झाली. अठरात सतरावा आलो. अठराव्याला ताप होता. पहिल्याच दिवशी सगळं उघड करायचं नसतं.

खोलीत सोबती म्हणून लुकेनी नावाचं पोरगं दिलंय. एकवीस वर्षांचा, अमेरिकेत कॉलेजात शिकतो. माझ्यासारखाच सेंटर. माझ्याहून चार बोटं उंच, आणि उडी मारली की खाली यायचं विसरतो. म्हणाला, "काका, तुमचा फोटो आमच्या शाळेत लावलाय." कुठे, म्हणून विचारलं. म्हणाला, जिन्याखाली.

१० जुलै
लांदोने बाजूला घेतलं. म्हणाला, पोराला बास्केटखालचे डाव शिकव. त्याला उडता येतं, उभं राहता येत नाही. म्हणजे कॅप्टनचीच जबाबदारी दिली म्हणायची, नाव तेवढं दिलं नाही.

ठरवलंय: साधेसुधे डाव शिकवायचे. पाठीने रेटून डावीकडे गर्रकन फिरायचा माझा खास डाव मात्र गाठीला ठेवायचा. उद्या हाच पोरगा माझ्या जागेवर डोळा ठेवणार.

१० जुलै, दुपारी
खास डाव शिकवला. तो फारच वाईट करत होता. बघवेना.

१३ जुलै
लुकेनीने माझाच डाव माझ्यावर केला. मी जमिनीवर बसलो. सगळी पोरं हसली. शिकवण किती पक्की होती, हे कोणाच्या ध्यानात आलं नाही.

फिजिओ वाल्देमार धावत आला. विचारलं, गुडघा दुखतोय का. मी म्हटलं, कुठला? म्हणाला, "तुम्ही धरून बसलायत तो."

१८ जुलै
रविवारची सुट्टी. घरी गेलो. कियेसे आता अकरा वर्षांची आहे. तिने सगळ्या वर्गाला सांगून टाकलंय की बाबा स्पर्धेत खेळणार. मला विचारलं, किती मिनिटं? मी म्हटलं, देशाला लागतील तेवढी.

मग तिला बारा वर्षांपूर्वीची फायनल सांगितली. मी शेवटच्या चार मिनिटांत उतरलो आणि सहा पॉइंट केले. झिता स्वयंपाकघरातून म्हणाली, दोन. त्या वेळी ती गरोदर होती, तिचं खेळाकडे लक्ष नव्हतं.

जेवायला कसाव्याच्या पिठाचं फुंजे आणि कोंबडीचा रस्सा. दोनदा वाढून घेतलं. घरच्या अन्नाला नाही म्हणणं बरं दिसत नाही.

२६ जुलै
बारा जणांची यादी लागली. मी आहे. जर्सी पंधरा नंबरची.

लांदो म्हणाला, बस, स्पष्ट बोलतो. म्हणाला, "तुझ्या गुडघ्याचं मला पहिल्या दिवसापासून माहीत आहे. तू संघात लुकेनीसाठी आहेस. तो घाबरला की त्याच्याजवळ बसायला कोणीतरी हवं. दोन-चार मिनिटं मिळाली तर मिळाली. चालेल तुला?"

चालेल म्हटलं. बाहेर आल्यावर नीट विचार केला. भिंतींना कान असतात. ट्युनिशियाचे लोक काय, नायजेरियाचे लोक काय, आमच्या कॅम्पमधली बातमी काढत असणारच. लांदोला मुद्दाम असं बोलावं लागलं. हुकमाचा पत्ता कोणी पहिल्या हाताला टाकत नाही.

झिताला फोनवर हे समजावलं. ती म्हणाली, "म्हणजे पोराजवळ बसायचंय तुला." लाइन खराब असावी.

१२ ऑगस्ट
पहिला सामना, केप व्हर्देशी. चौदा पॉइंटने जिंकलो. मला उतरवलं नाही. पत्ता राखून ठेवलाय.

टीव्हीवर मी तीनदा दिसलो, असं कियेसे म्हणाली. दोनदा टाळ्या वाजवताना आणि एकदा जांभई देताना. ती जांभई नव्हती. मी श्वासाचा व्यायाम करत होतो.

१४ ऑगस्ट
आज खेळलो. समोर गिनी. आपण एकतीस पॉइंट पुढे, तीन मिनिटं शिल्लक. लांदोने बोट केलं. स्टेडियममध्ये गलका झाला. त्याच वेळी पलीकडे कोणी तरी ढोल आणला होता, पण गलका माझ्यासाठीही होता.

पॉइंट शून्य. रिबाउंड एक. फाउल तीन. माझ्या तीन मिनिटांत गिनीने नऊ पॉइंट केले. सामना मेल्यासारखा झाला होता, लोक उठून व्हॅन पकडायला निघाले होते. ते परत येऊन बसले. याचं श्रेय कोणी देणार नाही.

१६ ऑगस्ट
सुट्टी. गुडघा टरारून सुजलाय. हॉटेलच्या किचनमधून गुपचूप बर्फ आणला, टॉवेलात बांधून पलंगाखाली ठेवला. जेवून येतो तर लुकेनी म्हणतो, "काका, तुमचा बर्फ माझ्या बुटांत वितळला." त्याला बजावलं, ही गोष्ट आपल्या दोघांत राहू दे. म्हणाला, "काका, वाल्देमारने तुमच्यासाठी वेगळी बर्फाची पेटी ठेवलीय. तुम्ही मागायची वाट बघतोय तो."

मागणार नाही. आज बर्फ मागितला, तर उद्या खुर्ची देतील.

१९ ऑगस्ट
क्वार्टर फायनल. समोर नायजेरिया. त्यांचा सेंटर म्हणजे चालती गोदी. पहिल्या हाफमध्येच लुकेनीला तीन फाउल. पाच झाले की बाहेर. बेंचवर येऊन खुर्चीला लाथ मारली आणि टॉवेलात तोंड खुपसून बसला.

मी म्हटलं, "रडून झालं की सांग." म्हणाला, रडत नाहीये. म्हटलं, मग ऐक. तो गडी वळायच्या आधी बॉल दोनदा जमिनीवर आपटतो आणि दर वेळी उजवीकडे फिरतो. तू पहिल्या आवाजालाच उडतोस. उडू नकोस. हात वर कर आणि खांबासारखा उभा राहा. येऊन आपटू दे.

नंतरच्या वीस मिनिटांत त्या गड्याला फक्त दोन पॉइंट मिळाले. आपण जिंकलो. लांदोने लुकेनीची पाठ थोपटली. मी पाठ वळवून उभा राहिलो होतो, पण माझ्यापर्यंत हात आला नाही.

२० ऑगस्ट
पेपरात आलंय: लुकेनीची वयाच्या मानाने थक्क करणारी समज. समज कोणाची ती इथे नोंदवून ठेवतो.

२१ ऑगस्ट
सेमी फायनल. मालीला दोन पॉइंटने हरवलं. लुकेनी चोवीस पॉइंट. मी खेळलो नाही, पण पूर्ण सामना उभ्यानेच बघितला. वाल्देमारने दोनदा खाली बसवलं.

आता काही शंका राहिलेली नाही. लांदो मला फायनलसाठीच राखतोय. झिताला कळवलं: तू आणि कियेसे पुढच्या रांगेत बसा. झिताने विचारलं, गुडघा कसा आहे. कोणता, म्हटलं. तिने फोन ठेवला.

२२ ऑगस्ट, दुपारी
उद्या फायनल. समोर ट्युनिशिया.

लुकेनी जेवला नाही. ताटात नुसतं बघत बसला होता. मग विचारलं, "काका, त्या फायनलला तुम्ही घाबरला होता का?"

अजिबात नाही, मी म्हटलं.

पोरगं आणखी पांढरं पडलं. म्हणालं, मग माझ्यातच काहीतरी खोट आहे.

काय करणार. दार लावलं आणि सांगितलं. त्या दिवशी मी चार वेळा संडासला गेलो होतो. पाचव्या वेळी लांदो दार ठोकून म्हणाला, आदेरितो, राष्ट्रगीत सुरू झालंय. आणि पॉइंट दोनच केले. तोही बॉल माझ्या खांद्याला लागून आत गेला होता.

तो इतका हसला की पलंगावरून खाली आला. मग उठून फुंजेच्या दोन थाळ्या संपवल्या.

झिताला हे कळता कामा नये.

२४ ऑगस्ट, सकाळी १०
काल लिहायला जमलं नाही. आता जसं झालं तसं लिहितो.

स्टेडियममध्ये मुंगीला जागा नव्हती. पुढच्या रांगेत झिता, आणि गालावर पंधरा नंबर रंगवून बसलेली कियेसे. तीन क्वार्टरपर्यंत बरोबरी. मग आमच्या दुसऱ्या सेंटरचा घोटा मुरगळला. चार मिनिटं उरली होती आणि आपण एका पॉइंटने पुढे, तेवढ्यात लुकेनीला चौथा फाउल. लांदोने त्याला बाहेर घेतलं आणि बेंचकडे वळला. सगळ्यांवरून नजर फिरवली. शेवटी म्हणाला, "आदेरितो."

बारा वर्षं मी या हाकेची वाट बघत होतो. उठलो. कियेसेचा आवाज मला इतक्या गोंगाटात ऐकू आला.

एकदा वर धावलो. पास आला, तो परत दिला. खाली आलो. त्यांच्या सेंटरला बॉल मिळाला. तो डाव्या खांद्याने येणार हे मला कळलं होतं. अगदी नीट कळलं होतं. मी पाय टाकायला गेलो आणि पाय आलाच नाही. त्याने माझ्या शेजारून, एखाद्या उभ्या कपाटाच्या बाजूने जावं तसा जाऊन बॉल आत टाकला. आपण एकाने मागे.

पुन्हा वर धावलो. मी पोचलो तेव्हा बाकीचे परत येत होते.

बॉल बाहेर गेला, खेळ थांबला. मी बेंचकडे बघून हात वर केला. एकोणीस वर्षं खेळतोय, कधीही स्वतःहून बाहेर यायला मागितलं नाही. लांदोला वाटलं, मी कोणाला तरी नमस्कार करतोय. मग मी लुकेनीकडे बोट दाखवलं.

कडेला आलो तर म्हणाला, "त्याचे चार झालेत. पाचवा झाला तर माझ्याकडे कोणी नाही."

मी म्हटलं, "आत्ताही कोणी नाही. मला उभंसुद्धा राहवत नाहीये, लांदो. तो उभा राहील."

लांदोने माझ्याकडे बघितलं आणि पोराला हाक मारली. आम्ही एकमेकांच्या बाजूने गेलो. लुकेनी म्हणाला, "काका, काय करू?"

"उडू नकोस," म्हटलं.

उरलेला सगळा वेळ तो त्यांच्या सेंटरसमोर हात वर करून नुसता उभा राहिला. दोनदा छातीवर आदळून घेतलं, पण उडाला नाही. शेवटचे दोन बॉल आमच्या गार्डने घातले. तीन पॉइंटने जिंकलो.

मी मैदानात बावन्न सेकंद होतो. आकड्यांनी बघितलं तर मी आत असताना आपण दोन पॉइंट घालवले आणि बाहेर आल्यावर चार कमावले. म्हणजे बाहेर येणं हा स्पर्धेतला सगळ्यात यशस्वी डाव ठरतो. पण हे कोणाला सांगावंसं वाटलं नाही. सगळे कागदाच्या तुकड्यांत नाचत होते आणि मी बेंचवर बसून होतो. वाल्देमार बर्फाची पेटी घेऊन आला. घेतला बर्फ.

झिता खाली उतरून आली. गुडघ्यावर हात ठेवला. मग पँट वर गुंडाळली आणि बर्फ नीट बांधला. कियेसेला मी म्हटलं, बाळा, एक मिनिटसुद्धा झालं नाही. ती म्हणाली, "आठ सेकंद कमी पडले."

२५ ऑगस्ट
डॉक्टरांनी गुडघ्याचा फोटो बघितला. ऑपरेशन. त्यानंतर चालता येईल, म्हणाले. धावण्याचं मी विचारलं नाही.

क्लबला फोन करून निवृत्ती कळवली. सेक्रेटरी म्हणाला, बरं, आणि तुमच्या नावाचं स्पेलिंग सांगा.

लुकेनी अमेरिकेला निघण्याआधी भेटून गेला. लांदो आला नाही, पण फोन केला. म्हणाला, "दोन महिने तू काय काय करशील ते सगळं मी धरून चाललो होतो. ते हात वर करणं तेवढं धरलं नव्हतं." मी म्हटलं, मीही धरलं नव्हतं.

पेपरच्या पहिल्या पानावर ट्रॉफीसह संघाचा मोठा फोटो आहे. मी उजवीकडून पहिला उभा होतो. जाहिरातीला जागा करायला फोटो उजवीकडून कापलाय. बारांची टीम अकरांची झालीय.

कियेसेने पान खिडकीशी नेऊन बराच वेळ बघितलं. कडेला लांदोच्या खांद्यामागे कातडीचा एक तुकडा आहे, तो तिने बोटाने दाखवला. म्हणाली, हे बाबांचं कोपर.

चष्मा लावून बघितलं. माझंच आहे. चांगलं आलंय.