आमच्या आडनावाची भिंत

४ जानेवारी
आज जेवताना कन्येने बॉम्ब टाकला. होणाऱ्या सासूबाईंनी विचारलं म्हणे, लग्नानंतर आडनाव कुठलं लावणार? हिने सांगितलं, बघू. एकुलती एक मुलगी. तिने सोडलं की आमचं आडनाव संपलं, आणि ती 'बघू' म्हणून पुन्हा वाढून घेते.
मी एक अक्षर बोललो नाही. मुलांवर काही लादणं मला पसंत नाही. फक्त ताट जरा सरकवलं आणि उठलो. बायको म्हणाली, न बोलता एवढी आदळआपट करणारा माणूस दुसरा पाहिला नाही.

६ जानेवारी
प्लॅन तयार. जन्मभर दुकानात लोकांचे बापजादे फ्रेम केले. आता आपले करायचे. हॉलच्या भिंतीवर आमच्या आडनावाची थोर माणसं. कन्या जाता-येता बघेल, मनावर आपोआप परिणाम होईल.
चौघं फायनल: एक सेनापती, एक खगोलशास्त्रज्ञ, एक जुन्या काळची नटी आणि एक गुप्तहेर. गुप्तहेरांचं चित्र रद्दीत आलेल्या एका कव्हरवर मिळालं. आतलं पुस्तक गायब होतं, पण नजर बघूनच माणूस कळतो. करारी.
बायकोने विचारलं, हे आपले कोण? म्हटलं, आडनाव एक म्हणजे रक्त एक. ती म्हणाली, आमच्या माहेरच्या आडनावाचा एक पाकीटमार होता, तो माझा कोण? काहींना इतिहासाची दृष्टीच नसते.

१० जानेवारी
भिंत पूर्ण. सोनेरी पट्टी, क्रीम माउंट, महागातली काच. शेवटी पाचवी फ्रेम रिकामी ठेवली आहे. योग्य वेळी योग्य माणूस बसेलच. सहज म्हणून तिचं माप माझ्या फोटोचं घेतलं.
कन्या म्हणाली, छान आहे बाबा, पण टीव्ही कुठे लावणार?
परिणाम सुरू झालेला दिसतो.

१५ जानेवारी
इतिहासाच्या निवृत्त मास्तरांना मुद्दाम चहाला बोलावलं. कन्येसमोर सेनापतींबद्दल चार शब्द बोलतील म्हणून. बोलले. सेनापतींनी लढाईच्या आदल्या दिवशी किल्ल्याचा दरवाजा स्वतःच्या हाताने उघडून दिला आणि शत्रूकडून जमीन घेतली. हे सगळं बिस्किट बुडवत सांगितलं.
केसाने गळा कापणं म्हणतात ते हेच. सेनापतींनी काय करायचं ते केलं, पण मास्तरांनी माझा चहा पिऊन हे करावं?
सेनापती उतरवले. मास्तरांना यापुढे डिस्काउंट बंद.

१९ जानेवारी
कन्येने स्वतःहून खगोलशास्त्रज्ञांची माहिती मोबाईलवर शोधली. मला भरून आलं. मग तिने वाचून दाखवलं. धूमकेतू त्यांच्या बायकोला दिसला होता. हे झोपले होते. सकाळी उठून यांनी आपलं नाव कळवलं.
बायको म्हणाली, म्हणजे जिने काम केलं तिला हे आडनाव लग्नात मिळालेलं. दोघी हसल्या. मला त्यात विनोदी काही दिसलं नाही.
संकल्प: घरात मोबाईलला बंदी. (उद्यापासून. आज होणाऱ्या जावयांचा फोन यायचा आहे.)

२३ जानेवारी
खगोलशास्त्रज्ञांपाठोपाठ नटीही भिंतीवरून उतरली. तिने हे आडनाव फक्त पोस्टरवर शोभतं म्हणून घेतलं होतं. बायकोला पहिल्यापासून माहीत होतं. मग आधी का नाही सांगितलं? तर म्हणे, तुम्ही खिळे ठोकण्यात रमला होता.
घरचा भेदी.

२७ जानेवारी
आता सगळी मदार गुप्तहेरांवर. जावई (दातांचे डॉक्टर, माणूस मितभाषी) प्रथमच निवांत घरी आले. भिंतीपाशी थबकले. चेहरा असा खुलला की मला वाटलं, जिंकलो. म्हणाले, लहानपणी यांची सगळी पुस्तकं वाचली आहेत. मी म्हटलं, यांनी लिहिलेली? ते म्हणाले, नाही, यांच्यावर लिहिलेली. कादंबऱ्या. हा माणूस झालाच नाही.
मी म्हटलं, मला माहीत होतं, तुमची परीक्षा घेत होतो.
ते गेल्यावर गुप्तहेर उतरवून कपाटामागे टाकले, तोंड भिंतीकडे करून. झालेल्या माणसांनी दगा दिला एकवेळ समजू शकतो, पण न झालेल्यानेही द्यावा?

३ फेब्रुवारी
लग्नासाठी आत्या आली. नव्वदीची आहे, पण स्मरणशक्ती ठणठणीत. शेवटची आशा. सगळ्यांना बसवून तिला म्हटलं, आपल्या घराण्याचा इतिहास सांग.
तिने सांगितलं. आजोबा गावाहून शहरात आले तेव्हा त्यांना आडनावच नव्हतं. छापखान्यात नोकरीला गेले, मॅनेजरने विचारलं, आडनाव काय? टेबलावर मासिकाचं प्रूफ पडलं होतं, एका गुप्तहेराची गोष्ट. त्या गुप्तहेराचं आडनाव वाचून सांगून टाकलं. आत्या म्हणाली, आमचे वडील स्वतःच हसत सांगायचे.
आजोबांनी मला कधी नाही सांगितलं. मांडीवर घेऊन जगातल्या सगळ्या गोष्टी सांगितल्या, ही तेवढी नाही. फार लागलं.

४ फेब्रुवारी
कन्येला जवळ बसवलं. मन मोठं करून म्हटलं, बाळ, आडनाव बदल. ते आपलं नव्हतंच. तू मोकळी आहेस.
ती म्हणाली, बाबा, मी बदलणारच नव्हते. पासपोर्ट, बँक, ऑफिस, कोण एवढी धावपळ करणार?
मग 'बघू' का म्हणालीस? तर सासूबाईंना तोंडावर नाही कसं म्हणायचं.
म्हणजे आडनाव राहिलं. सेनापतीमुळे नाही, धूमकेतूमुळे नाही, माझ्यामुळे तर नाहीच. कंटाळ्यामुळे. जे हवं होतं ते मिळालं, तरी पेढे आणावेसे वाटले नाहीत.

५ फेब्रुवारी
नीट विचार केला. आजोबांनी ज्यांचं आडनाव घेतलं तेच आमचे मूळपुरुष. गुप्तहेरांना कपाटामागून काढलं, धूळ पुसली, पाचव्या फ्रेममध्ये बसवलं. अगदी फिट. मला बरं वाटलं. खरंच बरं वाटलं. निदान हा माणूस तरी शेवटपर्यंत आपला.

८ फेब्रुवारी
जावई येऊन गेले. फ्रेम बघून खूश झाले. बोलता बोलता म्हणाले, गंमत म्हणजे शेवटच्या पुस्तकात कळतं की ते आडनाव गुप्तहेरांचंही खरं नव्हतं. एका केससाठी घेतलेलं, मग चिकटलं.
मी विचारलं, मग खरं कुठलं?
ते म्हणाले, ते लेखकाने सांगितलंच नाही.
भिंतीवर टीव्ही लावायचा ठरला आहे. खिळे आहेतच.