मीनलचा डावा गुडघा

रविवार, १२ ऑक्टोबर. आंग मो किओ, सिंगापूर.

दुपारी मीनलचा मेलबर्नहून फोन आला. गुडघा पुन्हा गेला, डॉक्टर म्हणाले आता फुटबॉल बंद.

"कोणता गुडघा गं?" मी विचारलं.

"डावा, आई. तिन्ही वेळा डावाच."

सात वर्षं माझी मुलगी तो लांबट चेंडूचा ऑस्ट्रेलियन फुटबॉल खेळून पोट भरत होती, आणि मला कोणता गुडघा ते विचारावं लागलं. हे हयात होते तेव्हा जुरोंग आयलंडच्या कंपनी बसमध्ये तिचे सामने मोबाईलवर बघायचे, घरी येऊन सांगायचे. मी भाजी चिरत नुसतं हं हं करायची. लाज कसली वाटत होती मला? मुली हाफ पँटीत एकमेकींना पाडतात, याची? दर रविवारी बुद्धविहारात वंदनेला खोटं न बोलण्याचं शील घ्यायचं आणि नंतर चहा पिताना सांगायचं, मुलगी फिजिओथेरपिस्ट आहे. आज सकाळीही विहारातल्या शिंदेताईंना तेच सांगून आले.

मग मीनल म्हणाली, "फिजिओथेरपीला ॲडमिशन घेतलीय. आता तुला खोटं बोलायला नको, लाह." तिचं सिंगापुरी 'लाह' अजून सुटलेलं नाही.

"तुला कुणी सांगितलं?"

"बाबांनी, पहिल्याच वर्षी. म्हणाले, आईला बोलू नकोस, तिला वाईट वाटेल."

ती हसत होती. मला हसता आलं नाही. दोघांनी मिळून मला सांभाळलं म्हणायचं.

पुढच्या रविवारी शिंदेताईंना खरं सांगणार, तिचे जुने सामने दाखवणार. त्याआधी एक तरी मी स्वतः पूर्ण बघायला हवा. डावा गुडघा शाबूत होता तेव्हाचा.