दादा, तुझा रिप्ले फिरवून पाह्यला

प्रिय दादा,

जय भीम.

तुले जाऊन वर्ष झालं. मागच्या रविवारी यवतमाळले तुझ्या घरी पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम झाला. भंतेजी आले, वंदना झाली, मग एकेक जण उठून तुझ्याबद्दल बोलला. तुझ्या मोबाइल दुरुस्तीच्या दुकानाशेजारचा चहावाला बोलला, मुकुटबनहून आलेले वहिनीचे भाऊ बोलले. मग सगळे माह्याकडं पाहाले लागले. म्हणे बेबी, तू एकुलती एक बहीण, दोन शब्द तू पण बोल. मी उभी राह्यली अन् तशीच खाली बसली. लोकायले वाटलं गळा दाटला. गळाबिळा काही दाटला नव्हता. मले जे बोलाचं होतं ते भरल्या मांडवात बोलण्यासारखं नव्हतं, म्हणून हे पत्र.

तर ऐक. मी तुझ्या बायकोवर जळते.

हास तू. तुले वाटत असेल, नणंद म्हटली का जळणारच. तसं नाही रे. तुझं लग्न झालं तेव्हा मी जळली नाही. माह्या पसंतीची साडी तू तिच्यासाठी उचलली, तेव्हाही नाही. हे जळणं आता आता लागलं, अन् ते त्या बास्केटबॉलच्या गेमपायी लागलं. पस्तीस वर्षांची बाई, नेरच्या मेडिकलवर दिवसभर गोळ्या देते, अन् टीव्हीवरच्या खेळासाठी जळून कोळसा होते! कोणाले सांगू हे? माह्या नवऱ्याले, तुझ्या जावयाले, सांगतलं तर ते मलेच एखादी गोळी घ्याले लावतीन.

आपला नियम आठवते ना? शाळेच्या सिमेंटच्या ग्राउंडवर तू मले शिकवत होता तेव्हाचा. ज्याच्यावर बास्केट झाली त्यानं आधी आपली चूक सांगाची, मगच बॉल हातात घ्याचा. मी सातवीत, तू बारावीत. तू माह्या डोक्यावरून बॉल टाके अन् कमरेवर हात ठेवून उभा राहे. बोल, चूक बोल. मी म्हणत होती पाय उशिरा हलला, कधी म्हणत होती ऊन डोळ्यावर आलं. निम्म्या चुका तर मी मनाच्याच सांगत होती, बॉल लवकर भेटावा म्हणून. ढोपरं फुटले, रडली, आईजवळ तुझी चुगली केली. पण तू एक बास्केट सोडली नाही. एकसुद्धा नाही!

मग मी लग्न होऊन नेरले आली, तुझे गुडघे दुखाले लागले, ग्राउंड सुटलं. अन् एक दिवस कोणीतरी तुझ्या दुकानात तो जुना गेम विकून गेला. तू तो टीव्हीले जोडला, दोन रिमोट काढले अन् मले फोन केला. मी दुसऱ्याच रविवारी बस पकडून हजर. त्या गेममधे रिप्ले होता, अन् तुले तर घबाडच सापडलं. बास्केट झाली का गेम थांबवाचा, मागं न्याचा, हळूहळू पुढं सोडाचा. कॅमेरा फिरवाचा, वरून, बाजूनं, पार बास्केटच्या मागून. आता मनाची चूक सांगाची सोयच राह्यली नाही. तू टीव्हीवर बोट ठेवून म्हणे, हे पाह्य, इथं तुझा गडी झोपला.

तू कायम तो बुटका गडी घ्याचा, मी उंच. पडद्यावरचा तो माणूस कुठचा कोण, पण चाल तुझी होती. दोनदा डावीकडं झुकल्यासारखं कराचं अन् तिसऱ्यांदा सरळ घुसाचं. ग्राउंडवर तू हेच करत होता. मी दर वेळी फसत होती, तिथंही अन् इथंही.

अन् मग मी जिंकली. मागच्या साली, जयंतीच्या मिरवणुकीच्या दुसऱ्या दिवशी. नाचून नाचून माह्या पायाचे तुकडे पडले होते, पण बोटं शाबूत होते. तू एका पॉइंटनं पुढं, शेवटचे तीन सेकंद, मी कोपऱ्यातून बॉल फेकला. भोंगा वाजला तेव्हा बॉल हवेत होता. मग तो जाळीत पडला. तू रिप्ले लावला, समोरून एकदाच पाह्यला, अन् म्हणला, "उडी उशिरा मारली." वीस वर्षं मी ते ऐकाची वाट पाहत होती दादा. तुझ्या तोंडून तुझी चूक! तू तो रिप्ले जपून ठेवला, त्याले माझं नाव दिलं. मी नेरपर्यंत बसमधे एकटीच हासत आली. मेडिकलवर खोकल्याचं औषध घ्याले आलेल्या बाईलेही मी सांगतलं का मी माह्या भावाले हरवलं.

दोन महिन्यांनी तू दुकानात बसल्या बसल्या गेला.

त्या रविवारी कार्यक्रमानंतर पाहुणे जेवून गेले. मांडववाला खुर्च्या गोळा करून राह्यला होता, वहिनी आत भांडे आवरत होती. मी समोरच्या खोलीत गेली अन् गेम चालू केला. मले फक्त माझा तो रिप्ले पाह्याचा होता. ठेवलेल्या रिप्लेची यादी उघडली. चाळीसेक होते. सगळ्यात वर माझं नाव, एकदा. अन् त्याखाली, पार शेवटापर्यंत, संगीता, संगीता, संगीता.

अय माय! वहिनी खेळत होती? कवापासून? मी यायची तेव्हा तर ती चहा देऊन दारात उभी राहे, म्हणे मले नाही बा समजत हे पळापळ. अन् तूही मूग गिळून बसला होता. मी महिन्यातून एकदा येणार, अन् बाकीचे सगळे दिवस तिचे? मले वाटत होतं तो गेम म्हणजे तुझं अन् माझं ग्राउंड आहे. तिथं तिसरं कोणी रोज येऊन खेळून राह्यलं, हे मले तू गेल्यावर वर्षानं कळावं? खरं सांगते, टाळकंच सरकलं.

मी तिचे रिप्ले लावले. एक लावला, दुसरा लावला. तिचा गडी येते, बॉल टाकते, बास्केट. तिसऱ्याले मले काही तरी खटकलं. मी कॅमेरा फिरवला, तुझ्या बुटक्या गड्यावर आणला. तो उभा होता! हात खाली, पाय जागच्या जागी. पाहुणा आला का दार उघडून बाजूले व्हावं, तसा बाजूले झालेला. चौथ्यातही तसाच, सातव्यातही. तू तिले सोडत होता. जिथं मले रक्त निघेपर्यंत सोडलं नाही, तिथं तिले चाळीस वेळा सोडलं, अन् वरून त्या फुकटच्या बास्केटा नाव लिहून जपून ठेवल्या! काहून रे? मी काय पाप केलं होतं?

अन् मग डोक्यात आलं. माझी बास्केट? ती मी समोरूनच पाह्यली होती. समोरून माझा उंच गडीच सगळं झाकते, मागं तू काय करून राह्यला ते दिसतच नाही. उडी उशिरा मारली असं तू म्हणला होता. पण मनाची चूक सांगता येते, हे माह्याशिवाय कोणाले मालूम असणार? तुले त्या दिवसायत धाप लागत होती. नाचून दमलेली बहीण पाहून तूही बाजूले झाला असला तर? वर्षभर मी ज्या एका बास्केटवर जगली ती पण फुकटचीच असली तर? माह्या हातून रिमोट खाली ठेवल्या गेला. फिरवून पाह्याची हिंमतच नाही झाली.

वहिनी हात पुसत बाहेर आली तेव्हा तिचाच रिप्ले चालू होता. त्या रागात मी जे बोलली ते तुझ्या स्मृतिदिनी बोलाले नको होतं. मी म्हणली, "वहिनी, तुमाले तर दादा जिंकू देत होता."

मले वाटलं ती रडन, नाही तर भांडन. ती माह्याजवळ खाली बसली. म्हणली, हाव ताई, मालूम आहे. ते होते तोपर्यंत मालूम नव्हतं. तिले खरंच वाटत होतं का आपल्याले खेळ जमला. मुकुटबनले जाऊन तिनं तिच्या भावायले सांगतलं होतं का मी ह्यायले हरवते; माह्यापुढं तेवढी लाजत होती. तू गेल्यावर ती रोज एक रिप्ले लावून पाहत होती, तुझ्या हातचा खेळ पाह्याले भेटते म्हणून. एक दिवस कॅमेरा फिरवता फिरवता तुझ्यावर आला. मग तिनं सगळेच फिरवून पाह्यले. एकातही तुझा हात वर नव्हता.

मग तिनं माझा रिप्ले लावला. मी नको म्हणली, हात धरला तिचा. तिनं ऐकलं नाही. सराईतासारखा कॅमेरा बास्केटच्या मागं नेला अन् अगदी हळू करून सोडला. मी खाली पाहत होती. "ताई, वर पाहा," ती म्हणली, तेव्हा पाह्यलं.

तू पलीकडच्या टोकाले होता, दादा. तिथून धावत आला. मधल्या दोघायले चुकवून आला, अन् उडी मारली, दोन्ही हात वर करून. बोटाच्या अन् बॉलच्या मधे वीतभर पण जागा नव्हती. जीव तोडून मारली होती तू ती उडी. उशिरा मारली, पण मारली.

खोटं कायले बोलू, आधी मले आनंदच झाला. असा आनंद का मी वहिनीकडं ऐटीत पाह्यलं. ती टीव्हीकडं पाहतच नव्हती. तिनं हे कितीकदा तरी पाह्यलं असेल. ती म्हणली, "माह्यासंगं एकदा तरी असं खेळाले पाह्यजे होतं त्यायनं. एवढी कच्ची होती का मी?"

होती का रे ती कच्ची? सांग ना. तुले वाटलं असेल तू प्रेमानं करून राह्यला. केलंही असेल. पण त्या बिचारीनं वर्षभर एकटीनं बसून माह्या एका बास्केटचा हेवा केला, अन् मी इकडं तिच्या चाळीसचा. तू दोघींसंगं खेळला अन् दोघींले जळत ठेवून गेला. बह्याड आहेस तू, पार येडा.

तरी सांगते, माझं जळणं काही गेलं नाही. तुझा गडी उभा ठेवून तू कायकडं पाहत होता रे, टीव्हीकडं का वहिनीच्या तोंडाकडं? बास्केट झाल्यावर ती कशी हासते ते पाह्यासाठीच हरत होता ना? तसा दादा मले कधी भेटला नाही. मले चूक बोल म्हणणारा भेटला. तो मले सोडाचा नाही, पण हा दुसरा थोडासा तरी माह्या वाट्याले यावा असं आताही वाटते. वाटणारच. तुले राग आला तर येऊ दे.

मग आम्ही खेळलो. तिनं तुझा बुटका गडी घेतला, मी माझा उंच. तिचे डोळे ओले, नाक लाल, अन् ती घुसली माह्यावर. माझा अंगठा आपोआप ढिला पडला. बास्केट झाली. तिनं तिथंच गेम थांबवला, रिप्ले लावला, कॅमेरा माह्या गड्यावर आणला अन् म्हणली, "ताई, तुमचा गडी उभा आहे."

असा ओशाळवाणा प्रसंग माह्यावर शाळेतही आला नव्हता. मी म्हणली, चुकली वहिनी, कीव आली. ती म्हणली, कीव माह्या माहेरच्यायकडं भरपूर आहे, तुमी खेळा. मग मी खेळली. तिले दणकून हरवलं. पुढच्या सगळ्या गेममधे तिले तीनच बास्केटा भेटल्या, अन् तिन्हीवर मी उडी मारली होती. तिनं एक एक फिरवून तपासून घेतली.

शब्द देते, दादा. महिन्यातून दोन रविवार मी बस पकडून यवतमाळले येईन. तुझ्या बायकोवर जळत जळत येईन, पण येईन. अन् जोपर्यंत माह्या अंगठ्यात जीव आहे तोपर्यंत तिले एकही बास्केट फुकट भेटणार नाही. ती रडू दे, दमू दे, आठवड्याभराच्या कामानं मोडून आलेली असू दे, मी तिच्यावर उडी मारीन. तू नाही मारली, ती मी मारीन.

तुझी लहान बहीण,
बेबी
नेर