बंबात न गेलेली वही

नाना, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की आता तुमच्यावर रागवायचीही लाज वाटते. तरी राग आहे. यंदा पंधरा ऑगस्टला धुळ्याच्या देवपुरातल्या एका शाळेने मला निवृत्त ग्रंथपाल म्हणून बोलावलं, मुलांना चार शब्द सांगा म्हणाले, आणि माझ्या तोंडून तुमची बंबाची गोष्टच निघाली. बेचाळीस साली फौजदार तुमच्या वाचनालयात आला, पत्रकं कोण वाचतं, घरी कोण नेतं त्याची वही मागू लागला. घरी आहे, आणतो, असं सांगून तुम्ही घरी गेलात आणि वही बंबात घातलीत. पुढचं तुम्ही नेहमी अहिराणीतच सांगायचात, "वही बंबमां टाकी दिन्ही, त्याच पानीवर आंग धोयं, मंग गऊ जेलमां." मुलं खूप हसली. मी तिथेच थांबले. तुमच्या दुसऱ्या वहीची गोष्ट मी आजवर कुणाला सांगितलेली नाही.

ती वही माझ्या हातची होती. बाविसाव्या वर्षी मी तुमच्या हाताखाली आले आणि अक्षर चांगलं आहे एवढ्यावर तुम्ही मला देवघेवीच्या टेबलावर बसवलंत. कुणी कोणतं पुस्तक नेलं, कधी परत केलं, सगळं मी लिहायचं. पहिल्याच महिन्यात मी तुमच्या स्वयंपाकघरात बसून तुमच्या पत्नीला, अक्कांना, सांगून मोकळी झाले, की हेडमास्तरांची सून कसल्या कसल्या कादंबऱ्या नेते. अक्का भाकरी थापता थापता हसल्या. तुम्ही ओसरीवरून ऐकलंत आणि आत आलात. ओरडला नाहीत. "पोरी, डाक्टर रोगीनं सांगस का गावले? वाचनारनं बी तसंच शे. कोन काय वाचस, ते आपला पोटमां ठेवानं."  ते बोलणं मी जन्मभर पाळलं, आणि पुढे धुळ्याला माझ्या हाताखाली आलेल्या प्रत्येकीला तेच ऐकवलं. तुमचं म्हणून ऐकवलं, नाना.

आणि तुम्ही होतातही तसे, म्हणून तर जास्त लागलं. बाजाराच्या दिवशी सातपुड्याच्या पायथ्याच्या पाड्यांवरून माणसं यायची, वाचनालयाच्या पायऱ्यांशी टेकायची आणि निघून जायची. त्यांना वर बोलावलंत तुम्ही. सतरंजी मळते म्हणून सभासद कुरकुरले, तर म्हणालात, धुवायला मी आहे. त्यातला एक चौथी शिकलेला होता. बोट ओळीवर ठेवून वाचायचा. आजोबांपासून कसत आलेल्या जमिनीला जंगलखातं अतिक्रमण म्हणत होतं आणि त्याला कायदा काय म्हणतो ते बघायचं होतं. "ताई, यामां जमीननं काय लिखेल शे, वाची दखाड ना." एकच कलम तो माझ्याकडून तीनतीनदा वाचून घ्यायचा आणि ओट्यावर बसलेल्यांना जसंच्या तसं सांगायचा.

मग त्यांचा मोर्चा निघाला. दुसऱ्या दिवशी दुपारी फौजदार दारात उभा. जंगलाबद्दलची पुस्तकं कोण नेतं, वही दाखवा, म्हणतो. मी तुमच्याकडे बघते आहे. मला चक्क हसू येतंय, कारण आता तुम्ही काय सांगणार ते मला पाठ आहे. घरी आहे, आणतो. तुम्ही चहा मागवता. माझ्यासमोरची वही उचलता आणि दोन्ही हातांनी त्याच्यापुढे ठेवता. तो पानं उलटतो. लाल कव्हरचं एक पातळ पुस्तक, जंगल कुणाचं असं विचारणारं, त्याच्यापुढे त्या माणसाचं नाव. "हाच," फौजदार म्हणतो आणि वही काखेत मारून निघून जातो. मी विचारलं, नाना, वही दिलीत? तुम्ही कपबशा गोळा करत होतात. "आपलं सरकार शे, पोरी. इंग्रज थोडाच शे?" आणि कप एकात एक ठेवत, "औंदा आपले ब वर्ग भेटाना शे."

भेटला. वाचनालयाला सरकारचा ब वर्ग मिळाला, अनुदान वाढलं, नव्या कपाटांना हार घातले. त्या माणसाला पुढच्या बाजारात उचललं. महिन्या-दीड महिन्याने सुटला तेव्हा एक पाय ओढत चालत होता. त्याच्या बायकोने मला बाजारात गाठून सांगितलं, की त्याला एकच विचारत होते, ते लाल पुस्तक कुठे लपवलंस. मी नेलंच नाही म्हणायचा, तर आणखी मारायचे. वाचनालयाच्या समोर आला की तो रस्ता ओलांडून पलीकडून जायचा. पाड्यावरचं दुसरं कुणीही पुन्हा पायरी चढलं नाही. सतरंजी स्वच्छ राहू लागली. मी धुळ्याला नोकरी धरली. तुम्ही गेलात तेव्हा दहाव्यालासुद्धा आले नाही, आणि का आले नाही ते अक्कांना कधी कळवलं नाही. तुम्ही मला फसवलंत असंच मी धरून चालले, आणि आजही धरते.

फक्त एक राहिलं. तो खरंच बोलत होता, नाना. ते पुस्तक मी नेलं होतं. मला वाचायचं होतं, आणि असल्या पुस्तकापुढे माझं नाव वहीत तुम्हाला दिसू नये म्हणून मी त्याचं लिहिलं. तो असली पुस्तकं नेतोच, त्यात कुणाला काय वाटणार, एवढाच विचार केला. फौजदार "हाच" म्हणाला तेव्हा पुस्तक माझ्या पायाशी पिशवीत होतं. मी कपबशा गोळा करायला तुम्हाला मदत केली.

हे पत्र त्या पुस्तकातच ठेवते आहे. वही परत आली नाही, पण जिथे कुठे असेल तिथे ते अजून त्याच्याच नावावर आहे, माझ्या चांगल्या अक्षरात.