दुसरीच्या मानेवर

अब्बा,

इथे आखातात, रुमैथियातल्या घरात हे लिहायला बसलेय. नवरा आतल्या खोलीत आहे, दार लावून. परवा दुपारी आमच्या बिल्डिंगमधल्या बायकांच्या ग्रुपवर कुणीतरी अनोळखी नंबरवरून एक क्लिप टाकली. अंगावर कपडा नसलेली बाई, आणि चेहरा माझा.

तेव्हापासून तुमचं इथल्या मिरकाब बाजारातलं दुकान डोळ्यांसमोरून हलत नाही. पुढे हिंदी सिनेमांच्या सीडी, मागे फळीआड तुमचा कॉम्प्युटर आणि चोरून विकायच्या तसल्या डिस्क. मी कॉलेज संपवून रत्नागिरीहून इथे तुमच्याकडे नुकतीच आले होते. त्या दिवसांत तसल्या सिनेमांच्या गिऱ्हाइकांना एकच परदेशी नटी हवी असायची. ती म्हणे आपल्याच घरात, छोट्या डिजिटल कॅमेऱ्यावर स्वतःच शूटिंग करायची आणि बघणाऱ्याकडे सरळ बघून हसायची. तिच्यामुळे त्या धंद्याची रीतच बदलली. बाकीच्या नट्या तिच्यासारखे केस कापू लागल्या, स्टुडिओवाले स्वयंपाकघरांतून शूटिंग करू लागले. तरी गिऱ्हाईक हळूच विचारायचं, "तिची आहे का?" डिस्क घरी नेल्यावर आत भलतीच बाई निघायची, पण तक्रार कोण करणार? एकदा मी चहा घेऊन फळीआड येते, तर तुम्ही माऊस हलवत कव्हरवरच्या कुणा दुसरीच्या मानेवर तिचा चेहरा चिकटवताय.

"अब्बा, ही खालची बाई कोण?"

तुम्ही वळूनही बघत नाही. "तिला कोण विचारतंय? आणि तू इकडे येत जाऊ नकोस."

परवाची क्लिप नवऱ्याला मीच दाखवली. त्याने दोनदा बघितली. मग म्हणाला, "मागचा तो पडदा आपल्या घरातला नाही ना?"

आमच्या घरातले सगळे पडदे त्यानेच आणलेत, अब्बा.

काल शेजारीण मला बघून लिफ्टमधून उतरली. आज ऑफिसातून निरोप आला, थोडे दिवस येऊ नका. उद्या मी पोलिसांच्या मखफरमध्ये तक्रार द्यायला जाणार आहे. नवरा म्हणतो, "जायचं तर एकटी जा. आधी चौकशी तुझीच होईल, आणि मग व्हिसा रद्द होऊन आपल्या दोघांना गावी जावं लागेल." होऊ दे. पण ती जी कुणी खरी बाई आहे, तिच्याबद्दल मला विचारलं तर काय सांगू?

लिहिता लिहिता मोबाईल वाजलाय. त्याच नंबरवरून आणखी एक. उघडायचा धीर होत नाही.

हे पत्र कुठे जायचं नाही. आणि खरं सांगू? तुम्ही हयात असता, तरी यातलं काही मी तुमच्या कानावर जाऊ दिलं नसतं.